इंग्रजी शब्दांचे उच्चार आणि अर्थ पारखून छापावेत

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या दैनिकाच्या विद्यार्थी पुरवणीत रोज एक अपरिचित इंग्रजी शब्द, त्याचा देवनागरीत लिहिलेला उच्चार आणि मराठी अर्थ अशी एक छोटी चौकट प्रसिद्ध होते. ही चौकट मी अनेक वर्षे वाचते आहे आणि तिची कात्रणे वहीत चिकटवून ठेवते आहे. पुण्यातल्या छापखान्यांत मुद्रितशोधनाचे काम करून मी निवृत्त झाले, त्यामुळे चौकटीत काही चुकलेले दिसले की वहीच्या समासात तांबड्या पेन्सिलीने खूण करण्याची सवय हाताला आहेच. आजवर त्या खुणा वहीतच राहिल्या. मागच्या महिन्यात मात्र घरात एक गोष्ट घडली आणि त्यानंतर गप्प राहणे मला योग्य वाटेना, म्हणून हे पत्र.

माझी नात सातवीत आहे. एका आंतरशालेय स्पर्धेत फळ्यावर लिहिलेला इंग्रजी शब्द मोठ्याने वाचायचा आणि त्याचा अर्थ मराठीत सांगायचा, असे स्वरूप होते. तिच्या वाट्याला ई, पी, आय, टी, ओ, एम, ई या सात अक्षरांचा शब्द आला. तिने तो ‘इपिटमी’ असा वाचला आणि ‘एखाद्या गुणाचे मूर्तिमंत उदाहरण’ असा अर्थ सांगितला. दोन्ही उत्तरे बरोबर होती. परीक्षकांनी मात्र दोन्ही चूक ठरवली, कारण त्यांच्यापुढे आपल्याच पुरवणीचे कात्रण होते आणि त्यात ‘एपिटोम : सारांश’ असे छापले होते. घरी आल्यावर तिने माझी वही काढली, पाने उलटत ते कात्रण शोधले आणि त्याच्या शेजारची माझी तांबडी खूण पाहून विचारले, “आजी, हे चुकलंय हे तुला ठाऊक होतं ना? मग तू त्यांना कळवलं का नाहीस?” तिच्या या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हते.

न्यायाने सांगायचे तर ‘सारांश’ हा अर्थ अगदीच निराधार नाही. मूळ ग्रीक शब्दाचा भाव कापून आखूड करणे असा आहे, आणि इंग्रजीत तो प्रथम ग्रंथाच्या संक्षेपासाठीच वापरला गेला. पुढे, ज्या एका व्यक्तीत किंवा वस्तूत एखाद्या गुणाचे सारे सार एकवटले आहे तिला तो शब्द लावू लागले, आणि आज वाचनात येतो तो बहुधा याच अर्थाने. म्हणजे चौकटीतला अर्थ जुना आणि अपुरा होता. उच्चार मात्र सरळसरळ चुकीचा होता. अशा वेळी मुलाने काय करावे? छापलेले देवनागरी अक्षर त्याला अंतिम वाटते आणि त्यात त्याचा काही दोष नाही. आपली लिपी बव्हंशी उच्चाराप्रमाणे चालते. ‘जरा थांब’ मधला ‘जरा’ आणि म्हातारपण या अर्थाचा ‘जरा’ यांत ‘ज’ वेगळा उच्चारला जातो, असे काही अपवाद आपल्याकडेही आहेत. पण एकंदरीत जे लिहिले ते तसेच वाचायचे, हे मराठी मूल पहिलीपासून शिकते. म्हणूनच रोमन लिपीतला चुकीचा उच्चार एक वेळ निसटून जाईल. पण तोच देवनागरीत छापला की तो पक्का होतो आणि पुढे काही केल्या जिभेवरून जात नाही.

इंग्रजीत लेखन आणि उच्चार यांची फारकत का झाली, हे चौकटीत कधी दोन ओळींनी सांगितले गेले तर मुलांचे पाठांतर निम्म्याने कमी होईल. इंग्लंडमध्ये कॅक्स्टनने १४७६ साली वेस्टमिन्स्टरला छापखाना घातला. छपाईमुळे शब्दांची लेखने हळूहळू स्थिर होत गेली, आणि नेमक्या त्याच काळात बोलण्यातले दीर्घ स्वर बदलत होते. त्यामुळे कागदावर जुना उच्चार राहिला आणि तोंडात नवा आला. त्यात लॅटिनच्या अभिमानी पंडितांनी आपली भर घातली. कर्जासाठीचा ‘डेट’ आणि शंकेसाठीचा ‘डाउट’ हे शब्द फ्रेंचमधून इंग्रजीत आले तेव्हा त्यांत ‘बी’ हे अक्षर नव्हते. लॅटिन पूर्वजाची आठवण म्हणून ते मागाहून घुसवले गेले, आणि लोकांनी ते उच्चारायला कधीच सुरुवात केली नाही. पावतीच्या ‘रिसीट’ मधल्या ‘पी’ची हीच कथा आहे. बेटासाठीच्या ‘आयलंड’ या अस्सल जुन्या इंग्रजी शब्दात तर ‘एस’ला काहीच आधार नाही, लॅटिनवरून आलेल्या दुसऱ्या एका शब्दाशी साम्य दिसले म्हणून तो तिथे येऊन बसला. स्कॉटलंडच्या डोंगरांत ‘टार्मिगन’ नावाचा एक पक्षी असतो. त्याचे नाव तिथल्या गेलिक भाषेतले. पण ग्रीकमध्ये पंखाला ‘प्टेरॉन’ म्हणतात हे आठवून कोणीतरी त्याच्या नावापुढे ‘पी’ लावला. आपल्या चौकटीत तो ‘प्टार्मिगन’ झाला होता. ज्या अक्षराचा त्या नावाशी काही संबंधच नाही, ते अक्षर आपण पुण्यातल्या मुलांकडून घोकून घेतो आहोत.

पुण्यातल्या मुलांना एक अवघड इंग्रजी शब्द मात्र कधीच शिकवावा लागत नाही. वानवडी, घोरपडी, खडकी या भागांत बंगल्यांच्या पाट्यांवर ‘कर्नल’ हा शब्द आपण लहानपणापासून पाहतो. पण पाटी वाचण्याआधीच तो कानावर पडलेला असतो. त्याचे रोमन लेखन अक्षरशः वाचले तर ‘कोलोनेल’ असे काहीतरी होईल. इटालियन भाषेत सैन्याच्या स्तंभाचा नायक या अर्थी तो ‘ल’कारी होता, फ्रेंचमध्ये एके काळी ‘र’कारी झाला, आणि इंग्रजांनी लेखन एकाचे तर उच्चार दुसऱ्याचा असे दोन्ही घेतले. पुण्याच्या एकाही मुलाला याचा त्रास होत नाही, कारण त्याने तो शब्द आधी ऐकला आणि मग पाहिला. अपरिचित शब्दांच्या बाबतीत नेमके उलटे घडते. मूल तो आधी पाहते, आणि ऐकण्याची संधी त्याला पुष्कळदा मिळतच नाही. ही कानाची उणीव भरून काढणे हेच आपल्या चौकटीचे खरे काम आहे, असे मला वाटते.

आता एका शब्दाविषयी थोडे सविस्तर लिहिण्याची परवानगी घेते, कारण चौकटीत काय होऊ शकते हे त्यावरून स्पष्ट होईल. गेल्या वर्षी आपण क्षयरोगासाठीचा एक जुना इंग्रजी वैद्यकीय शब्द दिला होता. त्याच्या आरंभी पी, एच, टी, एच अशी चार व्यंजनाक्षरे ओळीने येतात. उच्चार ‘फ्थिसिस’ असा छापला होता, अर्थ नुसता ‘टीबी’. इंग्रजीत त्याचा उच्चार ‘थायसिस’ किंवा ‘टायसिस’ असा करतात. पण खरी गंमत पुढे आहे. मूळ ग्रीक क्रियापदाचा अर्थ झिजणे, खंगणे, ऱ्हास पावणे असा आहे, म्हणजे आपल्या ‘क्षय’ शब्दाचाच. आणि हे साम्य केवळ अर्थाचे नाही. संस्कृत ‘क्षि’ धातू आणि तो ग्रीक धातू एकाच प्राचीन मुळापासून निघालेले आहेत, हे भाषाशास्त्राने सिद्ध केलेले आहे. ग्रीकांकडे ज्या ठिकाणी ती चमत्कारिक व्यंजनांची जुडी आली, त्या ठिकाणी आपल्याकडे ‘क्ष’ आला. शाळेतल्या मुलाला ही चार अक्षरे पाहून घाबरायला होते. पण हा आपल्या ‘क्षय’चाच दूरचा भाऊ आहे एवढे सांगितले तर तो शब्द त्याला जन्मात परका वाटणार नाही. या दोन ओळींसाठी चौकटीत जागा नक्कीच होती, कारण त्या दिवशी उरलेल्या जागेत फुलांची नक्षी छापलेली होती.

असाच दुसरा शब्द ‘सिझिजी’. सूर्य, पृथ्वी आणि चंद्र एका रेषेत येण्याच्या स्थितीला तो म्हणतात, म्हणजे अमावास्येला आणि पौर्णिमेला, आणि म्हणूनच त्या दिवसांच्या आसपास समुद्राला उधाणाची भरती येते. आपण अर्थ ‘ग्रहण’ असा दिला होता. ग्रहणाच्या वेळी ती स्थिती असते हे खरे. पण प्रत्येक अमावास्येला ग्रहण लागत नाही, हे आपल्याच पंचांगात कोणीही पाहू शकतो. मूळ शब्दाचा अर्थ ‘एका जुवाला जुंपलेले’ असा आहे, आणि त्यातला ग्रीक ‘झुगॉन’, संस्कृत ‘युग’ आणि बैलांच्या मानेवरचे आपले ‘जू’ हे सारे एकाच घराण्यातले आहेत. या शब्दाच्या उच्चारलेखनात एक बारीक अडचणही आहे. मराठीत ‘झि’ आला की आपण तो ‘झिम्मा’ मधल्यासारखा वाचतो. इथे मात्र ‘झोका’ मधल्या ‘झ’जवळचा, दातांशी घासणारा आवाज हवा, आणि शेवटचा ‘जी’ हा ‘जीभ’ मधला. नुसती अक्षरे छापून हा फरक कळत नाही. त्यासाठी ‘झोक्यातला झ’ एवढे दोन शब्द पुरतात.

देवनागरी अपुरी आहे, अशी सबब यावर अनेकदा दिली जाते. ती मला मान्य नाही. मराठीने इंग्रजी उच्चारांसाठी ‘ॲ’ आणि ‘ऑ’ स्वीकारले, ‘व’ आणि ‘व्ह’ यांत भेद करायला सुरुवात केली, आणि हे सारे पूर्वीच्या छापखान्यांत अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्या जुळाऱ्यांनी खिळ्यांच्या खणांत नसलेली चिन्हे जमवाजमव करून रूढ केले. मी कामाला लागले तेव्हा ‘अ’वर चंद्र बसवण्यासाठी जुळारी शेजारच्या खणातला सुटा चंद्र चिमट्याने उचलून बसवत असत, आणि तो हलला तर गॅलीच्या प्रुफावर आम्ही पुन्हा खूण करत असू. आज संगणकावर एका कळीत ते अक्षर मिळते. तेव्हा साधन नव्हते पण काळजी होती, असे म्हणण्याची पाळी आपल्यावर येऊ नये.

देवनागरीत खरोखरच दिसत नाही ती एक गोष्ट म्हणजे आघात. इंग्रजी शब्दात कोणत्या अवयवावर, म्हणजे एका दमात उच्चारल्या जाणाऱ्या कोणत्या तुकड्यावर, जोर द्यायचा हे चुकले तर शब्द ओळखूच येत नाही, आणि काही वेळा अर्थच बदलतो. ‘इन्व्हॅलिड’ हीच अक्षरे पाहा. पहिल्या अवयवावर जोर दिला की तो शब्द दीर्घकाळ आजारी असलेल्या माणसासाठी होतो, आणि दुसऱ्यावर दिला की ‘रद्द, अवैध’ असा अर्थ होतो. स्वराच्या चुकीने अनर्थ कसा होतो हे आपल्या परंपरेला नवे नाही. त्वष्ट्याने इंद्राचा वध करणारा पुत्र मागताना ‘इन्द्रशत्रु’ या समासाचा स्वर चुकवला आणि इंद्राच्याच हातून मरणारा पुत्र त्याच्या पदरी पडला, ही वृत्रासुराची कथा व्याकरण शिकणाऱ्याला सर्वप्रथम सांगितली जाते. वेदपाठशाळांमधून आजही हाताच्या खुणांनी स्वर शिकवले जातात. आपल्याला तर एवढेच करायचे आहे की ज्या अवयवावर जोर तो ठळक टाइपात छापायचा. ‘हायपर्बली’, म्हणजे अतिशयोक्ती, या शब्दात ‘पर्’ ठळक केले असते, तर ‘हायपरबोल’ असे म्हणणारी निम्मी मुले वाचली असती.

उच्चाराइतकीच काळजी मला अर्थाची वाटते. एका इंग्रजी शब्दापुढे एक मराठी शब्द ठेवला की अर्थ दिला, असा आपल्या चौकटीचा समज झालेला दिसतो. पर्यायी शब्द देणे वेगळे आणि व्याख्या देणे वेगळे. ‘सेरेन्डिपिटी’ या शब्दापुढे आपण ‘योगायोग’ असे छापले होते. हा शब्द हॉरेस वॉलपोल या इंग्रज लेखकाने १७५४ साली एका पत्रात घडवला, आणि त्याच वेळी त्याने स्पष्ट केले होते की शोधत नसलेली वस्तू योगायोगाने आणि चाणाक्षपणाने हाती लागणे म्हणजे ही गोष्ट. चाणाक्षपणा काढून टाकला तर उरतो तो आपला काकतालीय न्याय : कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ. त्या कावळ्याला काही सापडत नाही आणि काही कळतही नाही. वॉलपोलच्या शब्दात मात्र सापडलेल्या गोष्टीचे मोल ओळखणारा डोळा आवश्यक आहे. हा शब्द ज्यावरून घडला ते ‘सेरेन्दीप’ म्हणजे श्रीलंकेचे जुने फारसी-अरबी नाव, आणि ते आपल्या ‘सिंहलद्वीप’ वरून झालेले आहे, एवढे सांगितले असते तर मुलांनी तो शब्द नकाशासकट लक्षात ठेवला असता.

‘पेट्रिकोर’ या शब्दापुढे ‘पावसाचा वास’ असे दिले होते. पावसाला स्वतःचा वास नसतो. दीर्घकाळ कोरड्या राहिलेल्या जमिनीवर पहिल्या सरी पडल्या की जो सुगंध उठतो त्याला १९६४ साली ऑस्ट्रेलियातल्या दोन शास्त्रज्ञांनी, इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड टॉमस यांनी, हे नाव दिले. ग्रीक भाषेतला खडक या अर्थाचा शब्द आणि देवांच्या नसांतून वाहणाऱ्या द्रवाचे नाव यांची त्यांनी सांगड घातली, कारण कोरड्या दिवसांत खडकांनी आणि मातीने शोषून घेतलेली तेलकट द्रव्ये ओलाव्याने मोकळी होतात, असे त्यांना आढळले होते. आपल्याकडे त्यासाठी ‘मृद्गंध’ हा नेमका शब्द आहे. मे महिन्याच्या अखेरीस वळवाची सर येऊन गेल्यावर लकडी पुलावरून चालणाऱ्या माणसाला याची व्याख्या लागत नाही. पण चौकटीत ‘मृद्गंध’ यायला हवा होता, आणि तो आला नाही याचे मला अतिशय वाईट वाटले. इंग्रजी शब्द शिकवताना मुलाला त्याचा स्वतःचा शब्दही परत मिळाला पाहिजे.

काही वेळा तसा शब्द नसतो, आणि तेही सांगण्यासारखे असते. माणसाला खिडकीतून बाहेर फेकण्याच्या कृतीला इंग्रजीत ‘डीफेनेस्ट्रेशन’ असा स्वतंत्र शब्द आहे. १६१८ साली प्राग शहरात सम्राटाच्या अधिकाऱ्यांना असे फेकले गेले आणि त्यातून तीस वर्षांचे युद्ध पेटले, म्हणून तो युरोपच्या इतिहासात वारंवार येतो. मराठीत खिडकीसाठी असा शब्द नाही. पण कड्यावरून ढकलून देण्याला ‘कडेलोट’ आहे, आणि रायगडाचे टकमक टोक पाहिलेल्या मुलाला तो समजावून सांगावा लागत नाही. प्रत्येक समाज आपल्या भूमीला आणि इतिहासाला साजेसे शब्द घडवतो हे या दोन शब्दांच्या जोडीवरून जितके स्पष्ट होते तितके ते एखाद्या धड्यातूनही होणार नाही. आपल्या चौकटीत मात्र ‘खिडकीबाहेर फेकणे’ एवढ्या दोनच शब्दांवर काम भागवले होते.

माझ्या व्यवसायातलाही एक शब्द सांगते. अप्पा बळवंत चौकात कागदाच्या दुकानात गेले की ‘दस्ता’ आणि ‘रीम’ हे शब्द अजून ऐकू येतात. चोवीस ताव म्हणजे एक दस्ता. इंग्रजीत त्याला ‘क्वायर’ म्हणतात, आणि चर्चमधल्या गायकवृंदाला म्हणतात तोही ‘क्वायर’च, उच्चार एक, लेखन आणि कूळ वेगळे. कागदाचा ‘क्वायर’ लॅटिनमधल्या ‘चार’ या संख्येवरून आला, कारण पूर्वी चार ताव एकात एक दुमडून पोथीची जुडी बांधत. आपला ‘दस्ता’ फारसी ‘दस्त’, म्हणजे हात, यावरून आला, हातात मावेल तेवढा गठ्ठा. आपण ‘क्वायर : गायकवृंद’ एवढेच दिले, आणि त्याच्या शेजारी रोमन लेखन मात्र कागदाच्या शब्दाचे छापले. एका अक्षराच्या फरकाने ‘ध’चा ‘मा’ होतो, हे शनिवारवाड्याच्या गावात तरी विसरले जाऊ नये.

पुण्यातल्या मुलांसाठी आणखी एक दालन उघडता येईल : इंग्रजीत जाऊन आलेले आपलेच शब्द. ‘बंड गार्डन’ हे नाव घेताना तिथे कोणते बंड झाले होते, असे माझ्या नातीने विचारले होते. मुळा-मुठेवर एकोणिसाव्या शतकात बंधारा झाला, त्यासाठी सर जमशेटजी जीजीभॉय यांनी मोठी देणगी दिली, आणि त्या बंधाऱ्याला इंग्रज ‘बंड’ म्हणत. तो शब्द त्यांनी इथल्याच ‘बंद’ वरून घेतला होता. बांध, बंधारा हे त्याचे सगेसोयरे आपल्या घरात असताना तो इंग्रजी पोशाखात परत आला आणि आपण त्याला ओळखले नाही. ‘मोडशी’ची कथा तर याहून विलक्षण आहे. अपचनासाठी आजही आपण वापरतो तो हा शब्द कॉलऱ्यासाठीही वापरला जात असे. पोर्तुगिजांनी तो ‘मोर्देशी’ असा उचलला, फ्रेंचांच्या कानांना तो ‘मॉर् द शियां’ असा ऐकू आला, आणि त्या शब्दांचा त्यांच्या भाषेत ‘कुत्र्याचे मरण’ असा अर्थ होत असल्यामुळे रोगाचे तेच नाव अठराव्या शतकाच्या अखेरपर्यंत इंग्रजांच्या लेखनात टिकले. यूल आणि बर्नेल यांच्या १८८६ च्या आंग्ल-भारतीय कोशात ही सारी वंशावळ दिलेली आहे, आणि तिचे मूळ ‘मोडणे’ या क्रियापदापर्यंत नेलेले आहे. आपल्या ‘मुंगूस’ वरून इंग्रजीत गेलेला शब्द तर जगभरातल्या मुलांच्या चित्रपुस्तकांत आहे.

उच्चार ‘बरोबर’ कोणाचा, हा प्रश्न इथे निघेल हे मी जाणते. ब्रिटिश कोशांत लष्करी छावणीचा शब्द ‘कॅन्टूनमेंट’ असा उच्चारलेला सापडतो. पुण्यात आपण सारे ‘कॅन्टोन्मेंट’ म्हणतो, आणि तो शब्द आज जितका आपल्या देशात बोलला जातो तितका क्वचितच कुठे बोलला जात असेल. तेव्हा तो चूक म्हणण्याचा कोणालाही अधिकार नाही, असे माझे मत आहे. पण रूढ झालेला आपला उच्चार वेगळा आणि कोशात न पाहता अंदाजाने छापलेला उच्चार वेगळा. ‘एपिटोम’ हा पुण्याचा उच्चार नाही, लंडनचा नाही आणि न्यूयॉर्कचाही नाही. तो फक्त आपल्या चौकटीचा आहे.

कोशकार्याविषयी या शहराला सांगावे असे नाही. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची दुसरी आवृत्ती १८५७ साली निघाली, आणि त्याच वर्षी लंडनच्या भाषाशास्त्र मंडळात तो विचार सुरू झाला ज्यातून पुढे ऑक्सफर्डचा महाकोश जन्मला. त्याचा पहिला भाग १८८४ मध्ये आणि शेवटचा १९२८ मध्ये बाहेर पडला. मोल्सवर्थचे सहकारी थॉमस कँडी हे पुण्याच्या संस्कृत पाठशाळेशी निगडित होते, आणि मराठीत विरामचिन्हे रूढ करण्यात त्यांचा वाटा मोठा आहे. डेक्कन कॉलेजात १९४८ पासून संस्कृतच्या महाकोशाचे काम चालू आहे. शब्दांच्या नोंदींच्या सुमारे एक कोटी चिठ्ठ्या तिथे जमवल्या गेल्या, आणि इतक्या वर्षांनी छापून झालेले खंड अजून ‘अ’ या अक्षरातच आहेत. एका शब्दासाठी किती पारख करावी लागते याचे याहून जवळचे उदाहरण आपल्याला मिळणार नाही.

आणि पारख चुकली तर काय होते याचेही उदाहरण कोशांच्या इतिहासात आहे. अमेरिकेतल्या वेब्स्टर कोशाच्या १९३४ च्या आवृत्तीत ‘डॉर्ड’ नावाचा एक शब्द छापला गेला, अर्थ ‘घनता’. असा शब्द कोणत्याही भाषेत नव्हता. घनतेसाठी मोठा डी किंवा छोटा डी वापरतात, अशी सूचना एका चिठ्ठीवर लिहिली होती. मधला ‘किंवा’साठीचा इंग्रजी शब्द दोन्ही अक्षरांना चिकटला आणि नवा शब्द जन्मला. त्याला ना व्युत्पत्ती होती, ना वापराचे एकही उदाहरण. १९३९ साली एका संपादकाच्या नजरेला ही व्युत्पत्तीची रिकामी जागा खटकली आणि मग चूक उघडकीस आली. मी हे वाचले तेव्हा त्या अनोळखी संपादकाविषयी मला फार आपुलकी वाटली. तो शब्द त्याला चुकीचा वाटला नव्हता. त्याच्या पुढची मोकळी जागा त्याला दिसली होती. आपल्या चौकटीत अशा मोकळ्या जागा रोज असतात.

एक गोष्ट नि:संकोच सांगते. दुर्मीळ शब्द म्हणजे लांबलचक शब्द नव्हे. मागे आपण फुफ्फुसाच्या एका रोगाचे पंचेचाळीस अक्षरी नाव छापून ते पाठ करणाऱ्या मुलांची छायाचित्रे मागवली होती. ते नाव १९३५ साली अमेरिकेतल्या शब्दकोडी मंडळाच्या अध्यक्षांनी केवळ लांबीसाठी रचले होते. डॉक्टर त्या रोगाला सरळ ‘सिलिकोसिस’ म्हणतात, आणि दगडाच्या खाणीत धूळ श्वासावाटे घेणाऱ्या मजुरांना तो होतो. ही माहिती त्या पंचेचाळीस अक्षरांपेक्षा मुलांना अधिक उपयोगाची होती.

अमेरिकेतल्या राष्ट्रीय स्पेलिंग स्पर्धेत भारतीय वंशाची मुले वर्षानुवर्षे यश मिळवत आहेत. २०१९ साली तर आठ संयुक्त विजेत्यांपैकी सात भारतीय वंशाचे होते. त्या स्पर्धेतला एक नियम मला आपल्या चौकटीसाठी घ्यावासा वाटतो. शब्द ऐकल्यावर स्पर्धक विचारू शकतो : याची व्याख्या काय, हा कोणत्या भाषेतून आला, वाक्यात कसा वापरतात, याचा दुसरा उच्चार आहे का. म्हणजे ती मुले अक्षरे घोकत बसत नाहीत, शब्दाची चौकशी करतात. आपली चौकट या चार प्रश्नांची उत्तरे देऊ लागली तर तिच्यासाठी दुप्पट जागा लागेल हे खरे आहे. मग रोज एकाऐवजी आठवड्यातून तीन शब्द द्यावेत. त्यात वाचकांचे काही बिघडणार नाही. उच्चार लिहिणाऱ्याने तो आधी ऐकलेला असावा; आता मोबाइलवर कोणत्याही चांगल्या कोशात कर्ण्याच्या चिन्हावर बोट ठेवले की उच्चार ऐकू येतो, त्याला दहा सेकंद लागतात. जोराचा अवयव ठळक छापावा. आणि पान छपाईला जाण्यापूर्वी चौकट दुसऱ्या एका माणसाने वाचावी, ज्याने ती लिहिलेली नाही.

माझ्या वहीत गेल्या तीन वर्षांतली एकशे बारा कात्रणे खुणांसह आहेत. त्यांतली प्रत्येक मी कोशाशी ताडून पाहिली आहे आणि योग्य उच्चार, व्याख्या व व्युत्पत्ती समासात लिहिली आहे. आपली हरकत नसेल तर ती वही मी कार्यालयात आणून देईन. काम झाल्यावर परत मिळावी, एवढीच अट आहे. तोवर एक विनंती : ‘इपिटमी’ची दुरुस्ती कृपया त्याच पुरवणीत, त्याच पानावर, त्याच चौकटीत छापावी. आतल्या पानावर तळाशी छापली तर ती परीक्षकांच्या नजरेला पडणार नाही, आणि माझ्या नातीला ते कात्रण शाळेत नेऊन दाखवायचे आहे.

आपली,
एक निवृत्त मुद्रितशोधक
नारायण पेठ, पुणे